आत्याचा मान

"नाव मी ठेवणार न्हाई," पाळण्यावर वाकलेल्या आमच्या वन्सं ताठ उभ्या राहत म्हणाल्या.

आत्यानं बाळाच्या कानात 'कुर्र' केलं की तिच्या पाठीत धपाटे घालायचे, म्हणून पाचसहा बायका मुठी वळून तयारच होत्या. त्या मुठी तशाच वर राहिल्या. टोपरं घातलेला वरवंटा पाळण्याच्या खालून-वरून फिरवून झाला होता, पाळणे म्हणून झाले होते, परातीत घुगऱ्या निवत होत्या. राहिलं होतं ते फक्त नाव. आणि ज्यांनी ते ठेवायचं, त्याच पदर खोचून उभ्या.

माझ्या थोरल्या काकूला कधी गप्प बसावं हे देवानं शिकवलेलंच नव्हतं. ती म्हणाली, "मानाची साडी पसंत पडली नसंल! आत्याबाई रुसल्या गं!"

सगळ्या हसल्या. बारशाला आत्यानं थोडं अडून बसायचं आणि आजोळच्या माणसांनी तिची समजूत काढायची, ही गंमत आमच्या घरात चालायचीच. माझी आईही हसली, पण ओठांपुरती. ती आत गेली आणि ट्रंकेतली जांभळी इरकल घेऊन आली. ती साडी तिनं स्वतः कधी नेसली नव्हती.

"ही घ्या हौसाताई. आता तरी नाव ठेवा. बाळ खोळंबलंय."

"साडी नको मला, मावशी. मान पाहिजे. मागीन तो देणार असला तर बोला."

"मागा की," दारातून आप्पा म्हणाले. माझे आप्पा बेदाण्याचे व्यापारी. कुणी काही मागितलं की आधी 'मागा' म्हणायचं आणि मग घासाघीस करायची, हा त्यांचा स्वभाव.

"वैनीला आत्ताच्या आत्ता मिरजेला मोठ्या डॉक्टरकडं न्या. हाच माझा मान. त्याबिगर या पोरीला नाव न्हाई."

वैनी म्हणजे मी. पाळण्याच्या उजव्या हाताला, भिंतीशी, पाठीमागं दोन लोड घेऊन बसले होते. सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. मला काहीतरी बोलायचं होतं, पण त्या दिवसांत बोलायचं म्हटलं की आधी श्वास गोळा करावा लागायचा. तो गोळा होईपर्यंत आईच बोलली.

"माझ्या लेकीला काय झालंय?"

हे भांडण तिथं उगवलेलं नव्हतं. त्याचं बी सकाळीच पडलं होतं. आणि खरं सांगायचं तर त्याही आधी.

वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण, हौसाक्का. सासूबाई लवकर गेल्या, त्यामुळे माझ्या नवऱ्याला वाढवलं ते यांनीच. त्यांचे मालक साखर कारखान्यात फिटर होते. त्यांना जाऊन तेव्हा चारेक वर्षं झाली होती, आणि तेव्हापासून कुठल्याही शुभकार्यात वन्सं आपण होऊन मागं, भिंतीकडेला, चपलांच्या ढिगाजवळ बसायच्या. बारशाला नाव कोण ठेवणार हा विषय निघाला तेव्हा माझ्या आईनं चुलत आत्याचं नाव पुढं केलं. वाईट हेतूनं नव्हे. पहिलं नातवंड, पाळण्याला सवाष्णीचा हात लागावा, एवढंच तिच्या डोक्यात होतं. पण माझा नवरा, जो सासुरवाडीत ताटातलं मीठ कमी पडलं तरी मागायचा नाही, तो त्या दिवशी म्हणाला, "नाव अक्काच ठेवणार. नाहीतर पोरगी बिननावाची राहील." त्याचा शब्द इतका तंतोतंत खरा होईल असं त्यालाही वाटलं नसेल.

तर आई राजी झाली ती अशी, दात-ओठ खाऊन. आणि आता त्याच वन्सं, भरल्या घरात, पाळण्यापाशी अडून बसलेल्या.

माझं बाळंतपण तासगावला, माहेरी. मार्चचा शेवट, म्हणजे बेदाण्याचा ऐन हंगाम. आप्पांना मान वर करायला सवड नव्हती, म्हणून बाराव्याचं बारसं सव्वा महिन्यावर ढकललं होतं. तेवढ्या दिवसांत आईनं माझं बाळंतपण असं काही केलं की गल्लीत त्याची चर्चा होती. चैत्राचं ऊन बाहेर रणरणतंय आणि आत माझ्या बाजेखाली शेगडी, ओव्याची धुरी, डोक्याला फडकं, पोट आवळून बांधलेलं. सकाळी अळिवाची खीर, दुपारी डिंकाचा लाडू, संध्याकाळी आणखी एक. मी काहीही तक्रार केली की औषध ठरलेलं असायचं.

"आई, पाय जड झालेत गं."

"बाळंतिणीचं अंग हाय. उतरंल."

"जिना चढले तर दम लागतोय."

"अशक्तपणा. लाडू खा."

"आडवं पडलं की खोकला येतो."

"वारं लागलंय. शेगडी वाढवते."

पाय सुजले, मग चेहरा सुजला. बघायला येणाऱ्या बायका गालाला हात लावून म्हणायच्या, "मानवलं हो लेकीला माहेर! अंग कसं भरलंय बघा." आईच्या तोंडावर त्या वेळी जे समाधान दिसायचं ते बघून मलाही वाटायचं की मी ठणठणीतच असणार. झोप मात्र येत नव्हती. आडवी झाले की कुणीतरी छातीवर पाणी भरलेली घागर ठेवल्यासारखं व्हायचं. खोलीत आप्पांनी बेदाण्याचे बॉक्स रचून ठेवले होते. त्यावर वाकळ टाकायची, त्याला टेकायचं आणि बसल्या बसल्या डोळे मिटायचे, अशी युक्ती मी काढली होती. बाळाला पाजायला सोपं पडतं, असं मी सगळ्यांना सांगायचे. मलाही ते पटलं होतं.

बारशाच्या सकाळी वन्सं आल्या. स्वतः शिवलेली कुंची घेऊन थेट माझ्या खोलीत. माझ्याशेजारी बॉक्सना टेकून बसल्या आणि मांडीवरच्या बाळाला कुंची घालायला लागल्या. घालता घालता थांबल्या. त्यांनी माझं पाऊल धरलं आणि नडगीवर अंगठा दाबला. अंगठा काढला तरी खळगा तसाच. कणकेत बोट रुतवावं तसा.

"वैनी, झोपता कशा?"

"बसून. बाळाला पाजायला बरं पडतं."

"पाजायचं ऱ्हाऊ द्या. आडवं पडलं तर काय हुतं?"

"खोकला येतो. गुदमरल्यासारखं होतं."

"आन् मदीच जाग येऊन उठून बसावं लागतं? खिडकी उघडावीशी वाटती?"

मी बघतच राहिले. हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं. मी मान हलवली तेव्हा वन्सं उठल्या आणि सरळ स्वयंपाकघरात गेल्या. पुढचं मला भिंतीपलीकडून ऐकू आलं.

"मावशी, वैनीचं लक्षण ठीक न्हाई. डॉक्टरला दाखवायला पायजे. आजच."

"अहो ताई, चार बाळंतपणं काढलीत मी. पाय सुजायचेच."

"ही सूज तसली न्हाई."

"म्हणजे मी माझ्या लेकीची हेळसांड केली म्हणता?"

"तसं कुटं म्हणाले मी?"

"मग बारशाच्या दिवशी असलं बोलू नये."

मग वन्सं आपल्या भावाकडे गेल्या. माझा नवरा बिचारा मांडवाचा दोर ओढत होता. तो म्हणाला, "अक्का, उद्या सकाळी पहिलं काम तेच करू. आज एवढी माणसं आलीत." आप्पा म्हणाले, "इथल्या डॉक्टरांनी परवाच बघितलं की, टॉनिक दिलंय." म्हणजे सांगून बघायचं तिथं सगळीकडे त्यांनी सांगून बघितलं होतं. उरला होता तो फक्त पाळणा.

"तुमच्या लेकीच्या हृदयाला काय तरी झालंय, मावशी," आता भरल्या बैठकीत वन्सं म्हणाल्या.

एकदम गलका झाला. हृदय म्हातारपणी जातं, चोवीस वर्षांच्या पोरीचं कसं जाईल? बाळंतिणीला उन्हाचं बाहेर काढायचं? अर्ध्या बारशातून उठायचं? काकू तर म्हणाली, "अभद्र कशाला बोलायचं पाळण्यापाशी?" आणि आईच्या तोंडून निघून गेलं, "म्हणूनच मी म्हणत होते, पाळण्याला..."

ती थांबली. पण जे अर्धं राहिलं ते सगळ्यांना पुरं ऐकू आलं.

वन्संचा चेहरा जरासा हलला, एवढंच. "म्हणा की मावशी. माझं कपाळ मला म्हाईत हाय. म्हणूनच म्हणते, ऐका." मग त्या माझ्याकडे वळल्या. आवाज एकदम मऊ केला. "वैनी, तुमी जरा आडवं पडून दाखवा. इथंच. लोड काढा."

मला आठवतं, मी आईकडे बघितलं. तिनं पुढं येऊन स्वतः लोड काढले आणि चटईवर उशी ठेवली. "पड गं. दाखव यांना. म्हणजे तरी मिटंल."

मी पडले. वर माळ्याच्या तुळया दिसत होत्या, पाळण्याचा कठडा दिसत होता, त्याला लावलेली झेंडूची माळ. पहिले काही श्वास आले. मग घागर आली. आधी रिकामी, मग भरत गेली. मला खोकला आला, थांबेना. तोंड उघडलं तरी वारा आत जाईना. कानात पाणी बुडबुडल्यासारखा आवाज येत होता आणि तो माझ्याच छातीतून येतोय हे कळायला वेळ लागला. मी हात वर केला. तो आईनं पकडला, मला ओढून बसवलं, आणि माझ्या निळ्या पडलेल्या ओठांकडे बघितलं.

पुढे सगळं उलटं झालं. आरडाओरडा सुरू केला तो आईनं. "अहो, गाडी काढा! बघताय काय? जीप काढा म्हणते!" तिनंच माझं पोट बांधलेलं फडकं सोडून फेकून दिलं. बाळ काकूच्या हातात कोंबलं. आणि काकू, जी जन्मात कधी गप्प बसली नव्हती, ती एक अक्षर न बोलता बाळाला छातीशी धरून आत गेली.

जीपच्या मागच्या भागात बेदाण्याचे बॉक्स होते ते आप्पांनी भराभर रस्त्यावर उतरवले, गादी टाकली. आई माझ्यासमोर बसली, माझे हात हातात धरून. आणि वन्सं बसल्या त्या माझ्या मागे, पण तोंड फिरवून, रस्त्याकडे. त्यांची पाठ माझ्या पाठीला लागलेली.

"रेला, वैनी. सगळा भार टाका. मी हालत न्हाई."

मला वाटलं, बाईंचा राग गेलेला नाही. अपमान झालाच होता तसा. पण त्या पाठीला टेकल्यावर बॉक्सपेक्षा, लोडापेक्षा बरं वाटलं. खड्डा आला की ती पाठ आधीच जरा सैल पडायची आणि पुन्हा घट्ट व्हायची. तासगाव ते मिरज मी त्या पाठीवर गेले.

मिरजेच्या दवाखान्यात डॉक्टर देशिंगकर म्हणून होते, बुटके, हळू बोलणारे. त्यांनी छातीला नळी लावली आणि तिथल्या सिस्टरला एवढंच म्हणाले, "हिला झोपवू नका. बसवूनच ठेवा." नाकाला ऑक्सिजन, हातात सुई. छातीवर थंडगार मलम लावून पडद्यावर माझं हृदय बघितलं. मी तिरकं बघत होते. काहीतरी फुगलेलं, संथ, नाइलाजानं हलत होतं.

अंगातलं पाणी काढायचं इंजेक्शन त्यांनी दिलं होतं. त्या दुपारी मला लघवीला इतक्या वेळा जावं लागलं की भांडं धरणारी आया हसायला लागली, "बाई, धरणाचं दार उघडलं की काय?" आणि प्रत्येक वेळी घागर थोडी हलकी झालेली असायची. संध्याकाळी मी न थांबता एक पूर्ण वाक्य बोलले. "आई, बाळानं दूध घेतलं का?" एवढंच. आई तोंडाला पदर लावून रडली.

डॉक्टरांनी सगळ्यांना खोलीत बोलावून सांगितलं. "हार्ट फेल्युअर म्हणतात याला. नाव ऐकून घाबरू नका. हृदय बंद पडलेलं नाही, दमलंय. विहिरीवरची मोटर कमी ताकदीनं चालायला लागली की पाणी पुढं जात नाही, मागं साचतं. तसं हिच्या फुप्फुसात साचलं, पायात साचलं. कुणाला हे हार्ट ॲटॅकनंतर होतं, कुणाला झडपेच्या आजारानं, कुणाला वर्षानुवर्षं रक्तदाब वाढलेला राहिला म्हणून, कुणाला दारूनं. हिला बाळंतपणानंतर झालंय. क्वचित एखादीला होतं. का होतं ते नक्की सांगता येत नाही."

"माझ्या शेगडीनं झालं का, डॉक्टर?" आईनं विचारलं. "का लाडवांनी?"

"नाही हो. तुमच्यामुळं काही झालेलं नाही. सूज म्हणजे अंग भरलं असं वाटलं तुम्हाला, पुष्कळांना वाटतं. पण शेगडी आता बंद. पोट बांधणं बंद. मीठ अगदी कमी. लोणचं, पापड विसरायचे. पाणी मी सांगेन तेवढंच. रोज सकाळी वजन करायचं. अचानक वाढलं तर ते लाडवाचं नाही, पाण्याचं, लगेच इकडं यायचं. आणि गोळ्या. बरं वाटलं म्हणून गोळ्या आपल्या मनानं बंद करायच्या नाहीत."

"ते परत सांगा," कोपऱ्यातून वन्सं म्हणाल्या.

"काय?"

"शेवटचं. गोळ्याचं. परत सांगा, सगळ्यांना ऐकू द्या."

डॉक्टरांनी परत सांगितलं. मग विचारलं, "हिला इथं आणायचं कुणाच्या डोक्यात आलं? अजून दोन-तीन दिवस घालवले असते तर मला अवघड गेलं असतं."

आईनं वन्संकडे हात केला.

दिवेलागणीला आप्पा आणि माझा नवरा औषधं आणायला गेले. मी उंच केलेल्या पलंगावर डोळे मिटून होते. आईला वाटलं झोपले. तिनं थर्मासमधला चहा कपात ओतून वन्संपुढे धरला.

"हौसाताई, तुम्हाला कसं कळलं?"

वन्संनी कप हातात घेतला, पण तोंडाला लावला नाही.

"आमच्या मालकांना रक्तदाब हुता, मावशी. गोळ्या दिल्या हुत्या. महिनाभर खाल्ल्या, बरं वाटलं. म्हणाले, हौसा, चांगल्या माणसानं औषध कशाला खायचं? मी बी म्हणलं, खरं हाय. पुढं कवातरी दम लागायला लागला. कुणी म्हणलं दमा, पंप आणला. कुणी म्हणलं पित्त, मी ताक पाजलं. मीठ घालून, माझ्या हातानं, रोज तांब्याभर. पाय सुजले, तर शेजारीण म्हणाली, भावजींची तब्येत सुधारली."

आई त्यांच्याजवळ सरकून बसली.

"शेवटी शेवटी आडवं पडताच येईना. भितीला टेकलं तर भित गार लागायची. मग म्हणायचे, हौसा, जरा पाठ दे गं. मी पाठीला पाठ लावून बसायची. तोंडाकडं तोंड करून बसलं की त्यांना लाज वाटायची, दम खाताना मी बघते म्हणून. तसं बसून बसून त्यांचा सगळा दम माझ्या पाठीत कळायचा. जात्यावर भरड काढल्यागत घरघर. आज सकाळी कुंची घालताना वैनीची पाठ माझ्या खांद्याला लागली, मावशी. तीच घरघर."

मी डोळे उघडले नाहीत. उघडले असते तर वन्सं बोलायच्या थांबल्या असत्या. जीपमध्ये त्या तोंड फिरवून का बसल्या होत्या ते मला तेव्हा कळलं, आणि मिटल्या डोळ्यांतून पाणी उशीवर गेलं.

"मोठ्या डॉक्टरकडं नेलं तवा ते म्हणाले, आधी आणलं असतं तर पुष्कळ वर्षं काढली असती यांनी. एवढं एकच शिकले मी त्यातनं. ते कुटंतरी वापराय मिळालं, बरं झालं."

"माझी लेक दिली तुम्ही मला परत," आई म्हणाली. "आणि मी तुम्हाला काय बोलले..."

"अर्धंच बोलला. अर्धं गिळलं की. तेवढं चालतं." आणि वन्सं चक्क हसल्या.

आईनं त्यांच्या हातातला गार झालेला कप घेतला आणि दुसरा गरम चहा ओतून दिला. त्या दिवसापासून आजतागायत आमच्या घरात वन्संना गार चहा कुणी दिलेला नाही.

मी बरी झाले, पण एका रात्रीत नाही. आळणी आमटी खाऊन खाऊन मला सगळ्या जगाचा राग यायचा. आईनं मात्र जिद्दीनं लसूण, लिंबू, कोथिंबीर, आमसूल असं काय काय घालून बिनमिठाचा स्वयंपाक शिकून घेतला. ती स्वतःही तेच खायची. दुसरं मूल होऊ द्यायचं नाही, हे डॉक्टरांनी माझ्या नवऱ्याला स्पष्ट सांगितलं होतं. भावकीत कुणी 'एक तरी मुलगा' असं पुटपुटलं की वन्सं विचारायच्या, "कुणाच्या जिवावर?" मग ते पुटपुटणं बंद झालं. गोळ्या मी आजही घेते. हृदय जवळजवळ नेहमीसारखं काम करतं, असं प्रत्येक तपासणीला ऐकते आणि प्रत्येक वेळी मला त्या जीपमधली पाठ आठवते.

पोरीचं नाव तेवढं राहिलं होतं. तिला सगळे ठकी म्हणायचे. दवाखान्यातून घरी आल्यावर काकू म्हणाली, आता घरातल्या घरात कुणीतरी कानात नाव सांगून टाका, पोर मोठी होत चालली. आई ताडकन म्हणाली, "आत्या आल्याबिगर पाळण्याला कुणी हात लावायचा नाही."

दिवाळीनंतर डॉक्टरांनी घरात कार्य करायला परवानगी दिली आणि तासगावला बारसं पुन्हा मांडलं. ठकी तोवर इतकी मोठी झाली होती की पाळण्यात मावेना. ती उठून बसायची आणि झेंडूच्या माळा तोंडात घालायची. त्याच बायका, तीच परात, घुगऱ्या मात्र आईनं माझ्यासाठी वेगळ्या काढलेल्या, बिनमिठाच्या. वन्सं आल्या आणि सवयीनं चपलांच्या ढिगाजवळ बसायला लागल्या. आईनं त्यांचा हात धरून त्यांना पाळण्यापाशी आणलं. अंगावर तीच जांभळी इरकल होती. तिनं सकाळीच ती त्यांना नेसायला लावली होती.

वन्सं पाळण्यावर वाकल्या. बायकांनी मुठी वळल्या.

आणि वन्सं पुन्हा ताठ उभ्या राहिल्या.

"आता काय हो?" काकू ओरडलीच. "आता काय मागताय?"

"मान," वन्सं म्हणाल्या आणि माझ्याकडे वळल्या. "वैनी, आडवं पडून दाखवा आधी."

कुणी हसलं नाही. आईनं चटई पसरली. उशी आणायला गेली तर वन्सं म्हणाल्या, "उशी नको."

मी चटईवर पाठ टेकवली. वर तुळया तशाच होत्या. पाळण्याच्या कठड्यावरून ठकीनं खाली वाकून माझ्याकडे बघितलं. मी श्वास घेतला. आत गेला. सोडला. आणखी घेतला. घागरीची वाट बघत मी हाताच्या मुठी आवळल्या होत्या, त्या हळूहळू सुटल्या. खोकला नाही, घरघर नाही. खोलीत इतकी शांतता होती की मला माझ्या श्वासाचा साधा, कोरडा आवाज ऐकू येत होता. वन्संही तोच ऐकत होत्या. डोळे मिटून, मान जराशी कलती करून.

"उठू का आता?" मी विचारलं.

"पडा की जरा. कशाची घाई हाय?"

मग त्या पाळण्यावर वाकल्या. "कुर्र!" बायकांचे धपाटे त्यांच्या पाठीत पडायला लागले आणि आई मधे हात घालून ओरडत होती, "हळू गं, हळू! त्या पाठीत हळू!" पहिलं नाव ठकीनं ऐकलंच नाही, ती माळ खात होती. वन्संनी पुन्हा सांगितलं, या वेळी मोठ्यानं, तिला आणि खाली पडलेल्या मलाही ऐकू येईल असं.

"केतकी."

मी आडवीच होते. मला उठायची मुळीच घाई नव्हती.